अव्वांनी निवडलेली भिंत

लातुरात फायरप्लेस बसवतो असं सांगितलं की समोरचा माणूस आधी माझ्याकडे बघतो, मग वर उन्हाकडे बघतो आणि मग विचारतो, "कुणाच्या घरी हो?" त्याचंही बरोबर आहे. मे महिन्यात आमच्याकडे पंखासुद्धा गरम वारा फेकतो. अशा मुलखात भिंतीवर आग टांगून घेणारी माणसं आहेत आणि ती टांगून देणारा मी आहे. गेल्या काही वर्षांत लातूर, नांदेड, उदगीर, देगलूर धरून चाळीसेक तरी बसवल्या असतील. त्यातली एकही अजून खाली आलेली नाही, हे आधीच सांगून टाकतो. बाकी काही वाचलं नाही तरी एवढं लक्षात राहू द्या.

मी मूळचा भोकरचा. नांदेडला मोटार रिवाइंडिंगच्या दुकानात हात काळे केले, मग लातूरला आलो आणि इथलाच झालो. वायरिंग, गिझर, एसी, टीव्ही, जे जे भिंतीवर टांगता येतं ते टांगत आलो. त्यामुळे लोक मला विजेचा मिस्त्री समजत असले तरी माझं खरं ज्ञान भिंतीचं आहे. बोटाच्या पेरानं भिंत ठोकली की आत पक्की वीट आहे, हलका पांढरा ब्लॉक आहे, की नुसतं प्लास्टर फुगलंय, हे मला आवाजावरून कळतं. डॉक्टर पाठीवर बोटं ठेवून ठोकतात ना, तसंच. फरक इतकाच की भिंत खोटं बोलत नाही.

ज्यांनी ही वस्तू पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. भिंतीवरची फायरप्लेस म्हणजे काच लावलेली लांबट, चपटी पेटी. आत लाकूड नाही, गॅस नाही, धूर नाही. ज्वाळा दिसतात त्या दिव्यांच्या आणि फिरणाऱ्या आरशांच्या करामतीनं. ऊब येते ती खाली बसवलेल्या हीटरची, आणि छोटा पंखा ती खोलीत ढकलतो. ज्वाळेचं बटण वेगळं, उबेचं वेगळं. म्हणजे उन्हाळ्यात नुसती आग बघत बसता येतं, आणि आमचे अर्धे गिऱ्हाईक तेच करतात. देगलूरच्या एका व्यापाऱ्यानं तर एसी अठरावर लावून समोर ज्वाळा पेटवल्या आणि पाहुण्यांना दाखवायला बोलावलं. त्याचे सासरे आंध्राकडून आले होते. त्यांनी खिशातून बिडी काढली आणि पेटवायला सरळ काचेपाशी वाकले. मी पुढे झालो नसतो तर म्हातारबुवा काचेला नाक लावून बसले असते.

त्याच व्यापाऱ्याला ही पेटी टीव्हीच्या बरोबर खाली हवी होती. मी म्हटलं, "शेठ, गरम हवा वर जाती. तुमच्या टीव्हीचा पापड होईल." तो म्हणाला, "काही होत न्हाई हो मिस्त्री." काही होत नाही म्हणणाऱ्या माणसाचा मला फार राग येतो. होतं तेव्हा तो घरी नसतो, मला फोन येतो. मी सामान आवरायला लागलो तेव्हा शेठ टीव्ही दुसऱ्या भिंतीवर न्यायला कबूल झाला.

निवडताना लोक रंग बघतात, ज्वाळा निळी होते का ते बघतात. खरं तर आधी भिंत निवडायची आणि मग पेटी. पंचवीस-तीस किलोचं ओझं आहे. हलक्या ब्लॉकच्या भिंतीला वेगळे फास्टनर लागतात, आणि नुसत्या बोर्डाच्या पार्टिशनवर टांगायचीच नाही. वीज जास्त ओढते म्हणून मेन बोर्डापासून वेगळी जाड वायर, वेगळा एमसीबी आणि खरं अर्थिंग. इन्व्हर्टरच्या लाइनवर तर मुळीच नाही. समोर तीन फुटांत पडदा, गादी, सोफा काही नको. उंची बसलेल्या माणसाच्या नजरेला येईल इतकी. हे सगळं कंपनीच्या पुस्तकात असतं. मी मात्र त्यावर माझा एक नियम लावतो, तो कुठल्या पुस्तकात नाही. पेटी टांगून झाली की मी तिला पाठ टेकून खाली बसतो आणि तिथेच चहा पितो. माझा जोडीदार सलीमभाई, वीस वर्षांपासून माझ्या प्रत्येक ओझ्याचं दुसरं टोक धरणारा, तोही शेजारी बसतो. गिऱ्हाईक हसतात. खुर्ची घ्या म्हणतात. आम्ही खुर्ची घेत नाही.

हा नियम मला एका बाईनं लावून दिला, आणि तोही माझ्या हातून मोठी चूक झाल्यावर.

तीन वर्षांपूर्वीची गोष्ट. दसरा झाला होता. शिवराजअप्पा म्हणून बी-बियाण्याचे दुकानदार आहेत, त्यांनी घरी बोलावलं. घर नवीन, कॉलम-बीमचं, वर स्लॅब. आईसाठी तळमजल्यावर वेगळी खोली काढलेली. आईला सगळे अव्वा म्हणत. सत्तरी ओलांडलेल्या, कपाळावर भस्माचे पट्टे, गळ्यात लिंग, अंगानं काटक. मी आलो तेव्हा ओसरीवर भुईमुगाच्या शेंगा सोलत बसल्या होत्या. माझ्याकडे बघून एवढंच म्हणाल्या, "शरणार्थ. बस बाबा." आणि परत शेंगांत हात घातले.

अडचण त्यांच्या सूनबाईंनी सांगितली, महादेवीवहिनींनी. अव्वा घरात झोपत नसत. बारा महिने अंगणात बाज, पावसात वर ताडपत्री. थंडीत पहाटे उठून आगटी पेटवायच्या आणि तिच्यापाशी बसायच्या. आदल्या हिवाळ्यात छातीत कफ होऊन आठ दिवस दवाखान्यात होत्या. डॉक्टरांनी बजावलं होतं की आता थंडी पण नको आणि धूरही नको, आणखी एक हिवाळा असा काढला तर छातीला झेपायचं नाही. मुलानं जमिनीवर ठेवायचा हीटर आणला होता, तो रिकाम्या खोलीत जळत राहिला आणि अव्वा बाहेर आगटीपाशी.

"अव्वा आगटीसाठी बाहीर बसतात," वहिनी म्हणाल्या. "आगटीच आत आणली तर येतील की."

मला ते एकदम पटलं. इतकी वर्षं शोभेसाठी आग टांगत होतो, पहिल्यांदा कुणाला तिची खरी गरज होती. मोठ्या खुशीनं खोली बघायला गेलो. भिंती अगदी कोऱ्या होत्या. फोटो नाही, घड्याळ नाही, फळी नाही, एक खिळासुद्धा नाही. फक्त कागदी कॅलेंडर, तेही दाराला चिकटवलेलं. दाराला आतून कडी नव्हती, कडीच्या जागची चार भोकं लांबी, म्हणजे पुट्टी, भरून बुजवलेली होती. मी समजलो, सुताराचं काम राहिलंय. भिंतीचा एवढा जाणकार म्हणवणारा मी, पण मला ती खोली वाचता आली नाही. बाजेशेजारच्या लांब भिंतीवर वहिनींनी पन्नास इंची पेटी पसंत केली, मी भिंत ठोकून पास केली आणि पेन्सिलीनं खुणा करून टाकल्या.

दोन दिवसांनी दुपारी पेटी घेऊन गेलो. अव्वा आत माजघरात होत्या. सलीमभाईनं टेप धरला आणि मी हॅमर ड्रिल लावलं. हॅमर म्हणजे मशीन फिरता फिरता ठोकतंही. भिंत थरथरते, दात हलतात. भिंतीच्या पलीकडे स्वयंपाकघर होतं आणि त्याच भिंतीला स्टीलची मांडणी लावलेली. पहिलं भोक दोन इंच आत गेलं असेल नसेल, पलीकडची सगळी भांडी एकदम खणाणली.

"गंगाधर, बंद कर! मशीन बंद कर!" सलीमभाई ओरडला.

बाहेर आलो तर अव्वा भर गल्लीत उभ्या होत्या. पायात चप्पल नाही, डोक्यावर पदर नाही. पोळ्या लाटणाऱ्या वहिनींना त्यांनी मनगट धरून स्वयंपाकघरातून ओढत बाहेर आणलं होतं. वहिनींचे हात पिठानं भरलेले. अव्वांनी ते मनगट सोडलं नव्हतं, आणि घराकडे बघत त्या एकच विचारत होत्या, "अप्पा कुठं हाय? अप्पाला काढलं का?" अप्पा दुकानात होते.

मग गल्लीतच, हळू आवाजात, वहिनींनी मला सांगितलं. अव्वांचं गाव औशाकडचं. तीस वर्षांपूर्वीच्या भूकंपात ते गेलं. त्या पहाटे आधी भांडी वाजली आणि मग दगडाची भिंत आली. अव्वांनी शिवराजला काखेत मारून बाहेर काढलं. धाकटी लेक गिरिजा भिंतीकडेला निजली होती, ती आतच राहिली. तेव्हापासून अव्वा छपराखाली झोपल्या नव्हत्या. भिंतीवर काही टांगू देत नसत, पण आगटी म्हटल्यावर ऐकतील असं वहिनींना वाटलं होतं. खोली बांधल्यावर कडीही त्यांनीच काढायला लावली होती, दार झटक्यात उघडलं पाहिजे म्हणून.

मला लाज वाटली, आणि ती अशी की अजून सांगताना वाटते. कारण मला हे माहीत असायला हवं होतं. भूकंपानंतर नवी गावं वसली तेव्हा त्या घरांचं वायरिंग करायला मी दोन वर्षं औशाकडेच होतो. पत्र्याच्या शेडात राहून घरांना वीज जोडली. पक्की घरं मिळाली तरी तिथली माणसं आत ज्वारीची पोती ठेवायची आणि स्वतः अंगणात झोपायची, हे मी डोळ्यांनी पाहिलं होतं. तरी एका म्हातारीला "आता आवाज होईल बरं का" एवढं सांगायचं मला सुचलं नाही. त्यासाठी कुठलं हत्यार लागत नव्हतं.

पुढचे अकरा दिवस अव्वांनी उंबऱ्याच्या आत पाऊल ठेवलं नाही. जेवणाचं ताट अंगणात. खोकला सुरू झाला. शिवराजअप्पांचा फोन आला, आवाजात राग नव्हता, त्याहून वाईट, थकवा होता. "मिस्त्री, राहू द्या. तेवढं भोक बुजवून द्या आन पेटी न्या वापस."

मी लांबी आणि पत्ती घेऊन गेलो. सकाळची वेळ. अव्वा बाजेवर, समोर आगटी, धुरानं खोकताहेत. मी खाली बसलो आणि म्हणालो, "अव्वा, चुकलं माझं. सांगून मशीन लावायला पायजे होतं."

"तुझी काय चूक," त्या म्हणाल्या. "भांडी वाजली की पाय थांबत न्हाईत माझे. मीच म्हणते, पळू नको. पाय ऐकत न्हाईत." मग खोलीकडे बोट करून त्यांनी विचारलं, "त्या भिंतीत काय हाय रे आत?"

मी आत गेलो. माझं भोक तिथेच होतं आणि खाली फरशीवर त्याचा भुगा तसाच पडलेला. वहिनींना झाडायचीही हिंमत झाली नसावी. तो मुठीत घेऊन बाहेर आलो आणि अव्वांच्या तळहातावर ठेवला. "बघा. लाल वीट, वर सिमेंट. माती न्हाई, दगड न्हाई. भिंत नऊ इंचाची हाय, आन छत तिच्यावर न्हाई, कॉलमवर हाय."

त्यांनी भुगा बोटांनी चोळून पाहिला. जुन्या घरांच्या भिंती दोन-दोन हात रुंद, मातीत बसवलेल्या दगडांच्या, हे त्यांना माझ्याहून चांगलं माहीत होतं. "मंग ही पडायची न्हाई म्हन की."

आता इथे "नाही पडायची" म्हणणं सोपं होतं. मुलगा, सून, डॉक्टर सगळे तेच म्हणत होते. पण मी म्हणालो, "तसं मी सांगत न्हाई, अव्वा. धरणी हलली तर काय होईल ते मला ठावं न्हाई. पण तुमच्या गावच्या त्या भिंतीवानी ही अंगावर ढासळायची न्हाई. आन मी टांगलेली चीज मोकळी होऊन खाली यायची न्हाई. एवढंच मी सांगू शकतो."

अव्वांनी भुग्यावर मूठ मिटली. "तीस वर्सं सगळे म्हणून राहिलेत, काही होत न्हाई, काही होत न्हाई. मला न्हाई का ठावं, होतं म्हणून?" त्या उठल्या. भुगा पदराला पुसला. "चल. भिंत मी दावते."

दाराच्या चौकटीला हात लावून त्या आत आल्या. अकरा दिवसांनी. माझं बघून त्यांनीही भिंती ठोकायला सुरुवात केली. चारी भिंती फिरल्या आणि शेवटी दाराला लागून असलेल्या तोकड्या भिंतीपाशी थांबल्या. "हितं. आन वर न्हाई. चुलीएवढी."

मी आयुष्यात इतकी चुकीची जागा पाहिली नव्हती. दाराशेजारी, म्हणजे सगळी ऊब बाहेर. भिंत इतकी तोकडी की पन्नास इंची पेटी मावणारच नाही. उंची जमिनीपासून वीतभर. शोरूमवाल्यानं कपाळाला हात लावला असता. पण मला त्यांचा हिशेब दिसत होता. तिथून दार एका पावलावर, बाज समोरच्या बाजूला तीन-चार फूट लांब, आणि इतक्या खाली टांगलेली वस्तू सुटली तरी कुणाच्या डोक्यात पडणार नव्हती. पुस्तक काढून खालच्या हवेला लागणारी जागा तपासली, ती पुरत होती. "बराबर हाय," मी म्हणालो. पन्नास इंची पेटी परत करून छत्तीस इंची आणली.

दुसऱ्या वेळी काम कसं झालं ते सांगतो. वहिनींनी आधी मांडणीवरची सगळी भांडी उतरवून स्वयंपाकघरात सतरंजीवर मांडली, अगदी चमचेसुद्धा. मी ड्रिलचं ठोकणं बंद केलं आणि नुसत्या फिरकीवर, हळूहळू भोकं पाडली. विटेत ते जमतं, फक्त वेळ लागतो आणि हात भरून येतात. अव्वा दारात उभ्या राहिल्या, एक पाय आत, एक बाहेर. ठरलं असं की त्या म्हणतील तेव्हाच मशीन चालेल.

"हं, लाव," त्या म्हणायच्या. मी लावायचो. "बस," म्हणाल्या की थांबायचो. चार भोकांना दीड तास लागला. पहिल्या भोकाला त्यांचा हात चौकटीवर घट्ट होता, बोटं पांढरी पडलेली. तिसऱ्याला त्या सलीमभाईला त्याच्या लेकीचं लग्न कुठं ठरलं ते विचारत होत्या. चौथ्याला "हं" म्हणायचंच विसरल्या आणि मी थांबलेला पाहून माझ्यावरच डाफरल्या, "आता काय मुहूर्त पाहून राहिलास?"

पेटी टांगली. लेव्हल लावून पाहिली. ज्वाळा चालू केल्या आणि ऊबही. वहिनींनी टाळ्या वाजवायच्या तेवढ्या बाकी ठेवल्या होत्या. अव्वा मात्र जागच्या हलल्या नाहीत. "आता बंद कर ती. आन तू बस खाली."

"कुठं, अव्वा?"

"तिथंच. तिला पाठ लावून. महादेवी, च्या ठेव." मग सलीमभाईकडे वळून, "तुमी बी बसा."

साठीला आलेले आम्ही दोन बाप्ये पेटीला पाठ लावून, पाय पसरून बसलो. चहा येईपर्यंत, आणि पिऊन होईपर्यंत. त्या आमच्याकडे नाही, आमच्या पाठीमागे चार बोल्टांच्या जागेकडे बघत होत्या. कप खाली ठेवले तेव्हा त्यांनी चप्पल काढली, आत आल्या आणि माझ्या शेजारी जमिनीवर बसल्या. "लाव आता," म्हणाल्या. मी लावली. त्यांनी पेटीकडे वळून दोन्ही तळहात पुढे केले, जसे आगटीपुढे करतात. धूर नव्हता, तरी सवयीनं डोळे बारीक केले. कितीतरी वर्षांत मला माझ्या कामाचा इतका अभिमान वाटला नव्हता.

पण गोष्ट इथे संपली नाही. आठवड्यानं शिवराजअप्पांचा फोन. "मिस्त्री, अव्वा आत निजते. पण दार सताड उघडं ठेवती. सारी ऊब अंगणात. लावावं म्हटलं तर उठून बसती. काय करावं?"

"उघडं राहू द्या," मी म्हणालो.

"मंग शेकोटीचा काय फायदा?"

"अव्वा आत हायेत न्हवं? तोच फायदा."

त्यांना ते फारसं पटलं नसावं. मलाही कारागीर म्हणून ते काम अर्धवटच वाटत राहिलं. पण तो हिवाळा अव्वांनी दवाखान्याशिवाय काढला. पुढचाही. मी लांबीनं बुजवलेलं पहिलं भोक मात्र रंगाखालून अजून दिसतं. दुसऱ्या कुणाला दिसत नसेल, मला दिसतं.

यंदा संक्रांतीच्या आधी वहिनींचा निरोप आला, पेटीचा पंखा कुरकुरतोय. धूळ बसली की असं होतं, त्यात विशेष काही नाही. कडाक्याची थंडी होती, मी आणि सलीमभाई सकाळीच गेलो. अंगणातल्या बाजेवर लाल मिरच्या वाळत घातल्या होत्या. वहिनी पोळपाटावरून म्हणाल्या, "जा की सरळ, अव्वा उठल्यात."

खोलीचं दार मिटलेलं होतं. मी लोटलं, उघडलं नाही. पुन्हा जरा जोरात लोटलं, तरी नाही. मनात नको ते आलं. सलीमभाईनं माझ्याकडे पाहिलं, त्याच्याही मनात तेच असावं. मी दारावर थाप मारली आणि हाक दिली, "अव्वा!"

"कोन हाय?"

"मी गंगाधर. पंखा बघायला आलोय."

आत बांगड्या वाजल्या, पावलं सावकाश दाराकडे आली.

"थांब बाबा," अव्वा म्हणाल्या, "कडी काढते."